कल्पनेतल्या डोंगरालाही पाणलोट हवा

माननीय संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या पुरवणीत गेल्या काही महिन्यांपासून शालेय विद्यार्थ्यांच्या आणि नवोदित लेखकांच्या अद्भुतकथा प्रसिद्ध होत आहेत आणि प्रत्येक कथेबरोबर त्या कथेतल्या काल्पनिक जगाचा हाताने काढलेला नकाशाही छापला जातो. संगमेश्वर तालुक्यातल्या आमच्या गावच्या ग्रंथालयाचे काम मी पाहतो, त्यामुळे ही पुरवणी आठवडाभर किती हातांतून फिरते हे मला दिसते. मराठीत अद्भुताची आवड असणारा वाचक उरलेला नाही असे म्हणणाऱ्यांनी एखाद्या शनिवारी आमच्या वाचनकक्षात येऊन बसावे. उपक्रम चांगला आहे, तो चालू राहावा आणि अधिक कसदार व्हावा, म्हणूनच या कथांमध्ये वारंवार येणाऱ्या एका गोष्टीबद्दल, म्हणजे त्यांतल्या डोंगररांगांबद्दल, जरा सविस्तर लिहीत आहे.

आतापर्यंत आलेल्या बहुतेक नकाशांत उत्तरेला एक रांग असते. त्रिकोणांची एक ओळ, तिला मृत्यूचे, काळोखाचे किंवा रक्ताचे नाव, शिखरांवर बर्फ, उतारांवर सूचिपर्णी झाडे आणि सर्वांत उंच सुळक्यावर एखादा मांत्रिक किंवा आग ओकणारा सर्प. ही रांग ओलांडायला गेलेला कोणीही आजवर परत आलेला नाही, असे कथा सांगते; आणि पुढे नायक घोड्यावर बसून निघतो तो दोन परिच्छेदांत पलीकडे पोहोचतो. त्या रांगेवर पाऊस कोठून येतो, तिच्यातून निघालेल्या नद्या कोठे जातात, पायथ्याला कोण राहते, ती माणसे काय पिकवतात, पलीकडच्या मुलखाशी त्यांचा काही देण्याघेण्याचा संबंध आहे की नाही, यांपैकी कशाचाही पत्ता नसतो. एका नकाशात तर नदी समुद्रापाशी उगम पावून डोंगर चढून पलीकडे गेली होती. जादूच्या जगात नदीने डोंगर चढावा, याला माझी हरकत नाही. पण नदी डोंगर चढत असेल तर त्या जगातली सर्वांत मोठी गोष्ट तीच, आणि कथेत तिच्याबद्दल एक अक्षरही नव्हते.

माझे म्हणणे थोडक्यात असे आहे की, काल्पनिक डोंगर खरोखर भयंकर आणि गूढ वाटायचा असेल तर त्याला स्वतःचा कायदा असला पाहिजे आणि तो कायदा तिथल्या माणसांच्या रोजच्या वागण्यात उतरलेला दिसला पाहिजे. उंची, बर्फ आणि राक्षस यांनी हे काम होत नाही. ही अपेक्षा काही बाहेरून आणलेली नाही. आपल्या पुराणांतले डोंगर पाहावेत. सूर्याची वाट अडवण्यासाठी वाढत सुटलेला विंध्य अगस्त्य ऋषींपुढे वाकला, मी परत येईपर्यंत असाच राहा असे त्यांनी सांगितले, आणि ते दक्षिणेत गेले ते परतलेच नाहीत. तो डोंगर आजही शब्द पाळून वाकलेला आहे. एके काळी पर्वतांना पंख होते, इंद्राने ते छाटले, तेव्हा मैनाक तेवढा समुद्रात दडून वाचला. पृथ्वीच्या कडेला लोकालोक नावाचा कडेपर्वत आहे, त्याच्या अलीकडे उजेड आणि पलीकडे कायमचा अंधार. या तिन्ही पर्वतांच्या वर्णनात किती शिखरे आहेत, कोणती झाडे आहेत, हे ऐकणाऱ्याला कोणी सांगत बसत नाही. एकच गोष्ट सांगितली जाते, पण ती अशी असते की तिच्यामुळे सगळे जग बदलते.

जगाच्या नकाशावरही एक काल्पनिक डोंगररांग जवळजवळ नव्वद वर्षे खरी म्हणून नांदली आहे, आणि तिची हकीकत आपल्या तरुण लेखकांना उपयोगी पडेल. बंगालमध्ये ईस्ट इंडिया कंपनीचा सर्व्हेअर जनरल राहिलेला जेम्स रेनेल हा त्या काळचा अतिशय विश्वासार्ह नकाशाकार होता. मंगो पार्क या प्रवाशाने पश्चिम आफ्रिकेत नायजर नदी पूर्वेकडे वाहताना पाहिली होती. ही नदी दक्षिणेच्या समुद्राकडे का वळत नाही, याचे उत्तर रेनेलला हवे होते. पार्कने दुरून काही शिखरे पाहिल्याचे लिहिले होते. तेवढ्या आधारावर रेनेलने १७९८ साली नदीच्या दक्षिणेला पूर्व-पश्चिम अशी एक सलग भिंत काढली आणि ती 'काँगचे पर्वत' म्हणून नकाशांत रुजली. पुढच्या नकाशाकारांनी ती आणखी लांबवली. १८८७ ते १८८९ या काळात लुई-गुस्ताव बिंजे हा फ्रेंच अधिकारी त्या मुलखातून हिंडला, काँग या गावापर्यंत पोहोचला, आणि तिथे पर्वतरांग अशी काही नाहीच, असे त्याने येऊन सांगितले. चूक म्हणून ही हकीकत सगळेच सांगतात. मला तिच्यातून दिसते ते वेगळे आहे: जी रांग कधी नव्हतीच, तिच्यावर इतक्या शहाण्या माणसांनी इतकी वर्षे विश्वास ठेवला, कारण ती एका नदीच्या वागण्याचे कारण म्हणून काढलेली होती. नदीला भिंतीची गरज होती, म्हणून भिंत पटली. कथेतल्या रांगेलाही असेच कोणाचे तरी कारण व्हावे लागते.

आणि कोकणातल्या लेखकाला यासाठी ग्रंथ धुंडाळण्याची गरज नाही. त्याच्या पूर्वेच्या खिडकीत सह्याद्री उभा आहे. उंचीने पाहिले तर तो मोठा नाही; महाराष्ट्रातले सर्वांत उंच शिखर कळसूबाई, तेही १६४६ मीटर. बर्फाचा कण नाही. तरीही दोन मुलूख, दोन हवा, दोन तऱ्हेची शेती आणि बोलण्याच्या दोन ढबी त्याने वेगळ्या ठेवल्या आहेत. एकाच सातारा जिल्ह्यात महाबळेश्वरला वर्षाला साधारण सहा हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो आणि त्याच जिल्ह्याच्या पूर्वेला माण तालुक्यात तो पाचशेच्या आसपास येतो. समुद्रावरून आलेला ओला वारा कड्यावर चढतो, वर जाता जाता थंड होतो, सगळे ओझे पश्चिमेच्या अंगावर आणि घाटमाथ्यावर टाकतो आणि पलीकडे रिकाम्या हाताने उतरतो. भौगोलिक कारण एवढेच आहे. पण एखाद्या काल्पनिक जगात हा नियम लावून पाहा. डोंगराच्या एका बाजूला देवाकडे पाऊस थांबावा म्हणून गाऱ्हाणे घालणारे लोक राहतील आणि दुसऱ्या बाजूला तोच पाऊस यावा म्हणून. एकाच डोंगराला दोघे वेगळ्या नावाने ओळखतील आणि दोघांनाही वाटेल की डोंगर दुसऱ्याच्या बाजूचा आहे. युद्धाचे कारण शोधायला मग दुष्ट राजा लागत नाही.

नद्यांचेही तसेच. जुन्या महाबळेश्वरच्या पंचगंगेच्या देवळात ज्या पाच नद्यांचे पाणी एकत्र दाखवतात, त्यांतली कृष्णा अरबी समुद्रापासून अवघ्या ६४ किलोमीटरांवर उगम पावते आणि त्या समुद्राकडे पाठ फिरवून सुमारे १४०० किलोमीटरांचा प्रवास करून बंगालच्या उपसागराला मिळते. सावित्री तिथूनच पश्चिमेला उडी घेते आणि बाणकोटच्या खाडीतून लगेच समुद्र गाठते. एका धारेवर पडलेल्या पावसाच्या दोन थेंबांची ही ताटातूट मला कोणत्याही मंत्रतंत्रापेक्षा अद्भुत वाटते. आमच्याकडच्या नद्या आखूड, उताराच्या आणि घाईच्या. आषाढात पुलाला टेकणारी नदी चैत्रात कातळ उघडे टाकून बसते, आणि ज्या गावांवर चार महिन्यांत तीन हजार मिलिमीटर पाऊस पडून गेला त्याच गावांतल्या बायका मे महिन्यात हंडे घेऊन टँकरची वाट पाहतात, कारण सड्यावरचा, म्हणजे डोंगरमाथ्यावरच्या सपाट कातळावरचा, जांभा दगड पाणी धरून ठेवत नाही. पुरवणीतल्या कथाकारांनी शिखरांवर बर्फ काढले, तर त्या बर्फाचा अर्थही ध्यानात घ्यावा. बर्फाच्या डोंगरातून निघालेली नदी ऐन उन्हाळ्यात भरून वाहते. तिच्या काठचा माणूस उन्हाळ्याला भीत नाही, तो वितळणाऱ्या बर्फाला भितो. आपण काढलेल्या त्रिकोणावर पांढरा रंग लावल्याबरोबर पायथ्याच्या गावाचे पंचांग बदलते, एवढे भान ठेवले तरी पुष्कळ.

डोंगराचा खरा धोका खिंडीत असतो. रांग कितीही लांब असो, माणसे ती ठरावीक चार-सहा जागीच ओलांडतात. अंबा, कुंभार्ली, फोंडा, आंबोली ही नावे आज गाडीरस्त्यांची झाली आहेत. त्यांच्या मधल्या नाळा आणि सोंडांवरून उतरणाऱ्या पायवाटा पूर्वी बैलांच्या तांड्यांनी झिजवलेल्या आहेत. कोकणातून मीठ, नारळ, सुकी मासळी वर जायची आणि देशावरून धान्य, गूळ, मिरची खाली यायची. नाणेघाटात सातवाहनांच्या काळातला नागनिकेचा शिलालेख आहे आणि वाटेच्या तोंडाशी दगडी रांजण आहे, जो जकातीचा रांजण म्हणून दाखवला जातो. दोन हजार वर्षांपूर्वीही डोंगर ओलांडायचा म्हणजे कोणाला तरी काही द्यावे लागत होते. आणि फेब्रुवारी १६६१ मध्ये कारतलबखानाची मोठी फौज उंबरखिंडीतून कोकणात उतरू लागली, तेव्हा छत्रपती शिवाजी महाराजांनी तिची पुढची आणि मागची वाट अडवली. अरुंद दरीत, पाण्यावाचून, दोन्ही अंगांच्या रानातून मारा होत असता त्या फौजेला शरण जाण्यावाचून गत्यंतर उरले नाही. त्या दिवशी डोंगराने लढाई केली असे म्हटले तरी चालेल. आपल्या पुरवणीतल्या एकाही नकाशात मला अद्याप खिंड दिसलेली नाही. नायक जिथून वाटेल तिथून चढतो, आणि जिथून वाटेल तिथून चढता येणारा डोंगर कोणालाही भीती घालू शकत नाही.

आता गूढाविषयी. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर पावसाळ्याच्या सुमारास, सूर्य पाठीशी आणि धुके खाली दरीत असेल तर समोरच्या धुक्यावर आपली सावली पडते आणि तिच्याभोवती रंगांचे पूर्ण वर्तुळ उमटते. त्याला इंद्रवज्र म्हणतात. कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने ते पाहिल्याची नोंद आहे. त्यातली एक बारीक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते: कड्यावर पाच माणसे शेजारी शेजारी उभी असली तरी प्रत्येकाला ते वर्तुळ स्वतःच्याच डोक्याच्या सावलीभोवती दिसते, शेजाऱ्याच्या नाही. सूक्ष्म थेंबांवरून परत फिरणाऱ्या प्रकाशाचा हा परिणाम आहे, त्यात चमत्कार काही नाही. पण ज्या जगात राजा निवडायचा आहे आणि पाचही दावेदारांना कड्यावर उभे केले आहे, तिथे या एका गोष्टीवर केवढी कथा उभी राहील! प्रत्येकजण शपथेवर सांगेल की तेज माझ्याच मस्तकाभोवती होते, आणि पाचही जण खरेच बोलत असतील.

अशा किती गोष्टी सांगाव्यात? नाणेघाटात आणि आंबोलीजवळच्या कावळेसादला पावसाळी वारा कड्याखालून इतक्या जोराने वर येतो की धबधब्याचे पाणी खाली पडण्याऐवजी उलट माथ्यावर उडते. भीमाशंकरच्या रानात पावसाळ्यात कुजलेल्या लाकडावरची बुरशी अंधारात हिरवट उजेड देते. कारवी सात वर्षांनी एकदा फुलते, डोंगरच्या डोंगर जांभळे होतात आणि तिच्याच काठ्यांनी गरिबाच्या घराच्या कुडाच्या भिंती उभ्या राहतात. म्हणजे वय कारवीच्या फुलोऱ्यांत मोजणारे लोक कल्पायला काहीच अडचण नाही. आंबोलीच्या सड्यांवर एक भेकवर्गीय प्राणी आहे, ज्याची स्वतंत्र प्रजाती म्हणून ओळख २००९ साली पटली आणि जो त्या परिसराबाहेर सापडत नाही. एवढे सगळे घराच्या मागे असताना आपली मुले सूचिपर्णी झाडे आणि बर्फ काढतात, याचे मला वाईट वाटते. त्यांचा दोष नाही. त्यांनी पडद्यावर जे पाहिले ते काढले. मागचा डोंगर काढण्याजोगा आहे असे त्यांना कोणी सांगितलेच नाही.

म्हणून आम्ही ग्रंथालयात एक प्रयोग केला. शनिवारी येणाऱ्या मुलांबरोबर बसून एका काल्पनिक रांगेची रचना सुरू केली. अट एकच ठेवली की आधी कायदा ठरवायचा, मग डोंगर काढायचा, आणि राक्षस अगदी शेवटी, गरज पडली तरच. रांगेचे नाव 'हाकेरी' असे ठरले. तिच्या पश्चिमेला समुद्रकाठचा खारदेश, पूर्वेला कोरडा माथेदेश. कायदा असा: हाकेरीत दिलेली हाक लगेच घुमून परत येत नाही. ती डोंगरात राहते आणि बरोबर एक पावसाळा उलटल्यावर, एकदाच, जिथे दिली होती तिथूनच ऐकू येते.

एवढा एक नियम ठरल्यावर पुढचे सगळे मुलांनीच काढले, मला फार थोडे बोलावे लागले. धुक्यात वाट चुकलेल्या माणसाला आपल्या नावाची हाक ऐकू येते, तो ओ देऊन त्या दिशेने जातो आणि कड्यावरून खाली जातो. ती हाक गेल्या वर्षीच्या कोणा हरवलेल्याची असते. रात्री एकाच हाकेला ओ देऊ नये असे आमच्याकडे अजूनही घरोघरी सांगतात, त्यामुळे हे मुलांना समजावून द्यावे लागले नाही. मग हाकेरी ओलांडणाऱ्यांनी डोंगरात कोणाचे नाव घ्यायचे नाही असा दंडक आला. नावाऐवजी प्रत्येकाचा वेगळा कुकारा ठरला, पक्ष्याच्या आवाजासारखा, आणि तो बाप मुलाला पहिल्यांदा घाट चढताना देतो. पाचवीतल्या एका मुलाने मीठ वाहणाऱ्या बैलाचे चित्र काढले. त्याने बैलाच्या गळ्यातल्या घंटेत आणि पायांतल्या घुंगरांत पेंढा कोंबलेला दाखवला आहे, पेंढ्याच्या काड्या बाहेर आलेल्या दिसतात, आणि बैल हाकणाऱ्याच्या तोंडाला फडके बांधलेले आहे. त्या चित्रात कुठेही राक्षस नाही. तरी ते पाहणारा प्रत्येकजण थांबून विचारतो की, हे लोक कोणाला एवढे भितात?

सातवीतल्या एका मुलीने पुढचा प्रश्न विचारला आणि बराच वेळ कोणाला उत्तर सुचले नाही. ज्या बाईचा मुलगा हाकेरीत नाहीसा झाला, तिला तो नेमका कोठे गेला हे कळण्याची संधी एकदाच मिळणार. वर्ष उलटल्यावर त्याची शेवटची हाक जिथून आली तिथून ऐकू येईल तेव्हा. पण रांग लांब, दऱ्या पुष्कळ, आणि तो दिवस कोणता ते तिला ठाऊक असले तरी जागा ठाऊक नाही. ती एकटी किती ठिकाणी उभी राहणार? त्यावर मुलांनी ठरवले की त्या दिवशी खारदेशातल्या सगळ्या वाड्यांतली माणसे कामधंदा सोडून एकेका सोंडेवर जाऊन बसतात आणि दिवसभर कोणी शब्द काढत नाही. ज्याला हाक ऐकू येईल त्याने ती जागा दगड रचून खुणावायची, पण ओ मात्र द्यायची नाही. आईने सुद्धा नाही. त्या मुलीने ही शेवटची अट स्वतः घातली आणि ती काढायला कितीही सांगितले तरी तयार झाली नाही. माझ्या मते तिचे बरोबर आहे. ती अट काढली की हाकेरी साधा डोंगर होऊन जातो.

यात आणखी एक मुद्दा आहे, आणि तो मला कथेच्या सौंदर्यापेक्षाही जवळचा वाटतो. आपल्याकडे येणाऱ्या बहुतेक अद्भुतकथांत डोंगराच्या पायथ्याचे गावकरी हे भित्रे, अडाणी आणि भोळसट दाखवलेले असतात. ते नायकाला सांगतात की तिकडे जाऊ नको, नायक हसतो, जातो आणि राक्षसाला मारून त्यांची भीती खोटी ठरवतो. डोंगराच्या कुशीत पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या धनगरवाडीतल्या माणसाला कोणता पऱ्या, म्हणजे ओढा, कोणत्या पावसात अंगावर येतो, कोणत्या घळीत ढोरे न्यायची नाहीत, कोणत्या टेपावर वीज पडते, हे ठाऊक असते. देवराईत कुऱ्हाड चालवायची नाही, राखणदाराच्या जागेपुढे संध्याकाळनंतर जायचे नाही, असे नियम त्याने भीतीपोटी पाळले असतील. पण त्या नियमांनी उतारावरची झाडे राहिली, झऱ्यांना पाणी राहिले आणि रात्री कड्याच्या बाजूला कोणी भटकले नाही. कथाकाराने या माणसाला मूर्ख ठरवण्यापूर्वी त्याच्या ओटीवर बसून चार गोष्टी विचाराव्यात.

आमच्या भागातल्या वाचकाला डोंगराचे भय ही करमणुकीची वस्तू नाही, हेही लेखकांनी जाणून असावे. ३० जुलै २०१४ रोजी माळीण, २२ जुलै २०२१ रोजी तळिये आणि १९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळवाडी दरडीखाली गेली. तिन्ही वेळा महिना तोच होता. जुलै उजाडला की डोंगरउतारावरच्या वाड्यांत लोक जमिनीला भेग पडली आहे का, झाड कलले आहे का, झऱ्याचे पाणी एकाएकी गढूळ झाले आहे का, हे पाहत राहतात आणि जोराच्या पावसात रात्र जागून काढतात. ज्या मुलाच्या घरात ही जाग आहे, त्याला बर्फाच्या शिखरावरचा सर्प घाबरवू शकत नाही. पण एखाद्या कथेतल्या डोंगराने आधी पाण्याचा रंग बदलून खूण दिली, आणि ती खूण ओळखणाऱ्या म्हाताऱ्याचे कोणी ऐकले नाही, असे त्याने वाचले तर त्याला ती कथा आपली वाटेल आणि कदाचित तो त्या खुणेकडे अधिक नीट पाहीलही. घडून गेलेल्या दुर्घटनेची नक्कल कथेत करावी असे मी सुचवत नाही. ज्यांची माणसे गेली त्यांच्या दुःखावर कोणी अद्भुताचा मुलामा चढवू नये. डोंगर आधी सांगतो आणि माणूस ऐकत नाही, हे नाते मात्र कोणत्याही जगात नेऊन ठेवता येते.

यावर असा आक्षेप घेतला जाईल की कल्पनेला भूगोलाच्या तासाला कशाला बसवता, मुलांना मनसोक्त लिहू द्या. मनसोक्त लिहावेच. वाऱ्याची दिशा खऱ्या जगातलीच हवी, असा माझा आग्रह मुळीच नाही. हाक वर्षभर डोंगरात राहते, यात भूगोल कोठे आहे? आग्रह इतकाच की, जे ठरवले ते शेवटपर्यंत पाळावे आणि त्याची किंमत कथेतल्या प्रत्येकाने मोजावी. आमच्या मुलांना नियम घातल्यावर सुचेनासे झाले नाही. उलट, आधी जी मुले एका पानात युद्ध उरकत होती ती आता बैलाच्या घंटेत काय कोंबावे यावर तासभर वाद घालतात. कापूस की पेंढा? पेंढा जिंकला, कारण कापूस पावसात भिजून जड होतो आणि गळून पडतो, असे शेतकऱ्याच्या घरातल्या एका मुलाने सांगितले.

महोदय, या पार्श्वभूमीवर आपल्याला काही सूचना कराव्याशा वाटतात. पुढच्या कथांसाठी आवाहन कराल तेव्हा नकाशाबरोबर वारा कोणत्या बाजूने येतो, पाऊस कोणत्या बाजूला पडतो, पाणलोटाची धार कोणती आणि ओलांडण्याच्या वाटा कोठे आहेत, एवढे चार तपशील दाखवण्याची विनंती करावी. त्या रांगेच्या पायथ्याला राहणारे एक कुटुंब आणि त्यांनी पाळायचा एक नियम लिहून मागावा. पुरवणीच्या एखाद्या अंकात घाटवाटा पायी तुडवलेल्या अनुभवी माणसाकडून आणि भूगोलाच्या एखाद्या शिक्षकाकडून मुलांसाठी लिहून घेता आले तर फारच चांगले. बक्षिसासाठी कथा निवडणाऱ्या परीक्षकांनीही राक्षस किती मोठा आहे यापेक्षा डोंगराच्या सावलीतली माणसे कशी जगतात याला अधिक गुण द्यावेत, असे मला वाटते. आणि एक छोटी गोष्ट, जी मुलांच्या दृष्टीने मोठी आहे: सध्या नकाशे इतके लहान छापले जातात की त्यांवरची नावे भिंगाशिवाय वाचता येत नाहीत. हाकेरीचा नकाशा आणि त्या बैलाचे चित्र या पत्रासोबत जोडले आहे. छापण्याजोगे वाटल्यास खिंडींची नावे वाचता येतील एवढ्या आकारात ते छापावेत, ही विनंती.

आपला नम्र,
एक ग्रंथपाल
ता. संगमेश्वर, जि. रत्नागिरी